राजांची लाँच

बकारामनं बाही कोपरावर सारली आणि लाँचच्या तळातल्या गाळात हात खुपसला. वय एक्क्याऐंशी, पण नात टीना "आबा, राहू द्या ना" म्हणेपर्यंत म्हातारा कठड्यावरून आत उतरलाही होता.

कालपासून गावाला दुसरा विषय नव्हता. तलावाचा गाळ काढताना बांधाच्या पाळीजवळच्या डोहात मशीन लाकडाला अडलं आणि सत्तरेक वर्षांपूर्वी बुडालेली राजांची लाँच वर आली. कलकत्त्याहून रेल्वेनं गोंदियाला आणि तिथून बैलगाड्यांवर आलेली. राजे तिच्यातून बदकं मारत, राणीसाहेब पडदा लावून फेरी मारत. चालवायचा बकारामचा बाप, सोमाजी. जमीनदारी गेली त्या साली सोमाजीनं दारूच्या नशेत ती खडकावर घातली, असं राजांनी चावडीवर सांगितलं आणि त्याला कामावरून काढलं. सोमाजी चकार शब्द बोलला नाही. राजा बोले, दळ हाले. गावानं मान डोलावली आणि बकाराम जन्मभर मान खाली घालून हिंडला.

आता तो फुटलेली फळी शोधत होता. ती सापडली असती तर गाव खरं ठरलं असतं. वीतभर जागा त्यानं सोडली नाही, पण फळ्या सगळ्या धड होत्या. मग हाताला एक गोल, गुळगुळीत भोक लागलं. त्याचं लाकडी बूच शेजारीच तांब्याच्या तारेनं बांधून ठेवलेलं होतं, हरवू नये म्हणून. आजूबाजूला दगड, एका ओळीत मांडलेले.

बकारामनं त्या दगडांवरून हात फिरवला. उन्हाळ्यात लाकूड फाटू नये म्हणून तो स्वतःचा डोंगा दरवर्षी असाच दगड घालून बुडवून ठेवत आला होता. शिकवलं होतं बापानंच. पण राजांची लाँचही शेवटी लाकडाचीच, हे इतक्या वर्षांत त्याच्या टाळक्यात शिरलं नव्हतं.

"इंजिन कुठं गेलं मग?" टीनानं विचारलं.

"ते आमच्याकडे आहे," पाळ उतरून आलेले दुर्गाप्रसाद म्हणाले. हे राजांचे नातू, नागपूरला वकिली करतात. "आजोबांनी तेलकट कापडात गुंडाळून ठेवलं होतं."

बोलता बोलता त्यांचं लक्ष दगडांकडे गेलं, मग बुचाकडे. वकिलाला आणखी काय सांगायचं?

"म्हणजे सरकार जप्त करेल म्हणून आजोबांनीच बुडवायला लावली," ते हळूच म्हणाले. "आणि आळ तुमच्या वडिलांवर."

बकाराम बुचाची तार चाचपत राहिला.

"मी चावडीवर चारचौघांत सांगतो, बाबाजी. आमच्या घराण्यातर्फे माफी मागतो."

"आबा, बोला ना काही!" टीनाचा आवाज चिरकला.

"तुमी कायले माफी मागता, बाप्पा," बकाराम म्हणाला. "राजानं सांगतलन, गावानं मानलन. मी त त्याचा पोरगा होतो."

त्यानं ओल्या फळीवर तळवा टेकवला.

"जीव जाताना बाप मले म्हने, 'बकाराम, राजाले इचारून ये, आता काढू का तिले?' राजाले मरून तवा दोन वर्सं झाली होती. मी समजलो, मरतानी बी पिऊन बडबडून राहिला. उठून बाहेर गेलो. शेवटचं पानी बी नाई टाकलो त्याच्या तोंडात."

टीनानं पुढं होऊन त्याचा हात धरला.

"चावडीवर कधी जमायचं?" दुर्गाप्रसादांनी विचारलं.

"ते मंग पाहू. आधी बारदाने आना, भिजवून टाका हिच्यावर. ऊन चढून राहिलं. फाटंल."

दुर्गाप्रसाद पोती आणायला गेले. बकारामनं हात सोडवून घेतला, तळाशी साचलेलं पाणी ओंजळीत धरलं आणि वाळत चाललेल्या फळीवर हळूहळू सोडलं. मग पुन्हा ओंजळ भरली.