कोपऱ्यात एक माणूस कमी

फेब्रुवारीतला उजेड आमच्या स्वयंपाकघरात घाईने येत नाही. आधी तो धान्यकोठाराच्या पत्र्यावर निवांत टेकतो. मग कापलेल्या मक्याच्या खुंटांवरचा बर्फ फिका निळा होतो, खिडकीची काच धुरकट पिवळी होते आणि बऱ्याच वेळाने ओट्यावरच्या कॉफीच्या किटलीला एक बारीक सोनेरी कड येते. त्या सकाळी तो जमिनीवरून सरकत दारापाशी गेला आणि डेलियाच्या भरलेल्या बॅगेवर थांबला. मी नजर काढून घेतली.

गव्हर्नर व्हिटलॉकबाईंच्या प्रचारासाठी बोस्टनहून आलेली डेलिया हिवाळाभर आमच्या माडीवर राहत होती. पक्षाचा राष्ट्राध्यक्षपदाचा उमेदवार निवडण्याची सुरुवात आमच्या आयोवापासून होते. इथे जो पडतो, त्याला पुढे कोणी विचारत नाही. बाई इथे तरल्या तर डेलिया राहील, असे मी स्वतःला पटवले होते.

संध्याकाळी शाळेच्या व्यायामशाळेत गाव जमले. आमच्याकडे ज्याने त्याने आपल्या उमेदवाराच्या कोपऱ्यात, सर्वांदेखत, उभे राहायचे असते. कोपरा टिकायला ठरावीक माणसे लागतात; पहिल्या मोजणीत आमच्या कोपऱ्यात एक माणूस कमी पडला. दुसऱ्या मोजणीपूर्वी कोणाला तरी वळवायचे, नाहीतर कोपरा मोडायचा. आईच्या उमेदवाराचा कोपरा तर मोडलाच होता. ती शेजारच्या हार्लनबरोबर मध्येच उभी होती.

डेलियाने मला कोपराने ढोसले. "जा की! तुझीच आई आहे!"

मी आईसमोर गेलो. टोपी काढून हातात फिरवत राहिलो.

"मार्लिस," हार्लन म्हणाला, "पोरगा मत मागायला आलाय की लग्नाची परवानगी?"

आईने हसू दाबले. "काय रे आयव्हर, तुझ्या त्या बाईंना मक्यातलं काही कळतं तरी का?"

"आपल्या घरी तीनदा येऊन कॉफी पिऊन गेल्या, आई."

"आणि तिन्ही वेळा कप धुऊन ठेवला," आई म्हणाली. "चल."

कोपरा तरला. डेलियाने आधी आईला मिठी मारली, मग मला. तिच्या केसांना आमच्या स्वयंपाकघराचा वास येत होता.

"आता न्यू हॅम्पशायर!" ती म्हणाली. "पुढच्या आठवड्यात तिथलं मतदान."

"आणि पडलो असतो तर?"

"तर काय, घरी. बोस्टनला."

आईने माझा दंड धरला.

कोपरा तरला काय, मोडला काय, डेलिया उद्या जाणारच होती.