पहिल्या वाट्याचा कोबी

देवाने पहिल्या पुरोहिताला, अहरोनाला, शब्द दिला होता की इस्राएलच्या भूमीत जे जे पिकेल त्याचा पहिला आणि निवडक वाटा त्याच्या वंशजांचा, आणि हा हक्क पिढ्यानपिढ्या कोणी हिरावून घेणार नाही. त्या शब्दाला जागून मंगळवारी सकाळी अहरोनाचा वंशज मखलूफ बीतान नगरपालिकेच्या प्राणिसंग्रहालयाच्या मागच्या फाटकाशी उभा होता आणि घाऊक बाजाराच्या ट्रकमधून आपल्या वाट्याचा, कडेने पिवळा पडलेला कोबी उतरवून घेत होता. तो उंटाला घालायचा होता.

"आजही एकटेच?" ड्रायव्हरने विचारलं. "बाई कुठायत?"

"दवाखान्यात आहे लामारा."

"अजून? मग मला शिव्या कोण देणार?"

"मी देऊ?"

"राहू द्या. तुम्हाला नाही जमायचं."

या वाट्याला तरूमा म्हणतात. तरूमा म्हणजे उचलून बाजूला काढलेलं. माल बाजारात जाण्याआधी त्यातला थोडा भाग उचलायचा आणि कोहेनला, म्हणजे पुरोहिताच्या कुळातल्या माणसाला द्यायचा. आता तो खायला कोहेन शुद्ध लागतो, आणि शुद्ध होण्याची सोय ज्या मंदिरात होती ते रोमन लोकांनी जाळून दोन हजार वर्षं होत आली. तेव्हा कोहेनला तो खाता येत नाही, इतरांनी खाल्ला तर पाप, म्हणून देशभर रोज चांगले टोमॅटो दोन पिशव्यांत मानाने गुंडाळून कचऱ्यात टाकले जातात. तरूमा या शब्दाचं मात्र उत्तम चाललं आहे, आता कुठल्याही देणगीला तो चालतो. रक्त दिलं तरी तरूमा, सभागृहाला पंखा दिला तरी तरूमा. संग्रहालयातल्या प्रत्येक बाकावर कोणा ना कोणा दिवंगताच्या नावाने दिलेल्या तरूमाची पितळी पाटी आहे, त्यामुळे बसताना जरा अवघडल्यासारखं होतं.

पण शास्त्रात एक फट होती. कोहेनच्या मालकीचं जनावर हा वाटा खाऊ शकतं. धर्ममंडळाचे रब्बी तूविया यांना ही फट सापडली तेव्हा त्यांनी गावातला एक कोहेन गाठला आणि संग्रहालयातली सगळी शाकाहारी जनावरं त्याच्या मालकीची करून टाकली. अशा रीतीने पाणीखात्यात मीटर वाचणारा मखलूफ एका सकाळी झिल्पा नावाची हत्तीण, दोन उंट, साळिंदरं, माकडं आणि कासवं यांचा धनी झाला. सिंह त्याचा नव्हता. सिंहाला कोबीत रस नव्हता.

दुसरा कोणी असता तर हो म्हणून विसरून गेला असता. मखलूफ पुढच्याच मंगळवारी आपली जनावरं बघायला आला. चाऱ्याच्या खोलीत एक बाई सुरा घेऊन गाजरं तोडत होती.

"तुम्ही कोण?"

"मालक."

"कशाचे?"

त्याने हत्तीणीकडे बोट दाखवलं.

"बरं झालं आलात. तुमच्या हिने काल नळ उपटलाय. भरून द्या."

मखलूफ पाण्याच्याच खात्यातला. त्याने बाही वर करून नळ बसवून दिला. बाईने कॉफी दिली, आणि कॉफीबरोबर नवऱ्याची कथा सांगितली. नवरा दूरच्या कुताइसी शहरातून तिच्याबरोबर या देशात आला, इथे ट्रक घेतला आणि ट्रक घेऊन हैफाला दुसऱ्या बाईकडे राहायला गेला. घटस्फोट झाला होता. लामारा हे सगळं हसत सांगत होती. मखलूफ मात्र घटस्फोट या शब्दापाशी अडकला होता, कारण कोहेनला घटस्फोटितेशी लग्न करता येत नाही आणि त्याची कॉफी अजून अर्धी व्हायची होती.

तरी तो दर मंगळवारी येत राहिला.

सायप्रसची गोष्ट लामारानेच काढली. रब्बी ज्यांचं लग्न लावत नाहीत ती माणसं विमानाने सायप्रसला जातात आणि तिथल्या नगरपालिकेत लग्न करून येतात, हे सगळ्यांना माहीत असतं.

"माझी मावसबहीण गेली होती," ती साळिंदराच्या काकड्या चिरत म्हणाली. "सकाळी लग्न, दुपारी तळलेले मासे, रात्री घरी."

"मग मी कोहेन राहणार नाही."

"नाही राहिलास तर पाणीखातं पगार कापतं का?"

मखलूफच्या वडिलांनी बोटीतून उतरताना काय काय आणलं होतं? एक तांब्याची किटली, आणि आपण कोहेन आहोत ही बातमी. जर्बा बेटावर त्यांच्या वस्तीत सगळेच कोहेन होते, न्हावी कोहेन, गवंडी कोहेन, उधारी बुडवणारा कोहेन. तिथे त्याचं कोणाला कौतुक नव्हतं. इथे आल्यावर म्हाताऱ्याच्या हातून बाकी सगळं गेलं, तेव्हा एवढंच राहिलं, आणि मरताना त्याने तेच मुलाच्या हवाली केलं. हे लामाराला सांगायला हवं होतं. पण हे सांगणं अवघड होतं आणि समोर हत्तीण उभी होती.

"यांचं काय होईल?" मखलूफ म्हणाला. "मी असा लग्न करून आलो की यांचा कोबी बंद. नगरपालिका काय घालणार आहे यांना? वाळकं गवत?"

लामाराने सुरा खाली ठेवला.

"बघ गं बाई," ती हत्तीणीला म्हणाली, "तू माझी सवत निघालीस."

पुन्हा तिने तो विषय काढला नाही. तेव्हापासून ती मखलूफला तरूमाच म्हणायची. तो फाटकातून दिसला की आतून ओरडायची, "आली का रे आमची तरूमा? बाजूला काढलेली! ना कोणी खायची, ना कोणी विकायची!" मखलूफ हसायचा. तो कॉफी प्यायचा, ती गाजरं तोडायची, आणि अशी वीस वर्षं गेली. त्यात दोघांपैकी कोणी आजारी पडलं नाही, म्हणून ती वर्षं लवकर सरली.

मग लामारा आजारी पडली. ज्या छताखाली मेलेला माणूस असेल त्या छताखाली कोहेनने जायचं नसतं, आणि दवाखान्याचं काही सांगता येत नाही. मखलूफ बाहेर गाड्या लावायच्या जागेत उभा राहायचा आणि फोन करायचा. ती तिसऱ्या मजल्याच्या खिडकीत यायची.

"वर ये ना. इथे सगळे जिवंत आहेत."

"तुला काय माहीत?"

"थांब, विचारते." मग फोनमधून ऐकू यायचं, "सिस्टर, आज कोणी गेलंय का?" त्यावर सिस्टरचा आवाज चढायचा. "एक आहे म्हणे, तळघरात. आमचा नाही, डोळ्यांच्या विभागाचा."

"मग मी इथेच बरा."

"डोळ्यांनी कोणी मरतं का रे?" ती म्हणायची. "झिल्पा जेवते ना?"

शेवटचे काही दिवस ती खिडकीत आली नव्हती. फोनवर फक्त श्वास ऐकू यायचा. मखलूफ खिडकीकडे बघत त्याच्याशी बोलायचा.

ट्रक रिकामा झाला तेव्हा संग्रहालयाची संचालिका ओस्नात मागच्या फाटकाकडे येताना दिसली. ती एरवी इकडे येत नसे.

"मखलूफ," ती म्हणाली, "लामारा गेली. पहाटे. दफन आजच आहे, दुपारी."

मखलूफच्या हातात कोबीचं खोकं होतं. तो म्हणाला, "हे कुठे ठेवू?"

"ठेव कुठेही."

"कुठेही नाही. ती उन्हात ठेवू देत नाही." त्याने खोकं आत नेलं, सुरा शोधला, आणि ओस्नात नको नको म्हणत असताना सगळ्या जनावरांचं खाणं चिरून घातलं. माकडांना त्याचे तुकडे मोठे वाटले असावेत. त्यांनी ते परत फेकले.

दफनभूमीच्या फाटकाबाहेर, रस्त्याच्या कडेला, कोहेन लोकांना उभं राहण्यासाठी एक पत्र्याची शेड आहे. तीही तरूमाच, खांबावर पाटी आहे. आप्तांखेरीज कोणासाठी कोहेनला आत जाता येत नाही. वडिलांना पुरल्यापासून मखलूफ कित्येक जणांच्या दफनाला आला होता आणि प्रत्येक दफन त्याने या शेडमधून, लोकांच्या पाठी बघत, पार पाडलं होतं. आज पांढऱ्या कापडात गुंडाळलेली लामारा आत नेली तेव्हा ती फारच लहान दिसली.

रब्बी तूविया आले होते. मागे राहून ते शेडपाशी आले.

"सावलीत थांब, मखलूफ. पाणी प्यायलास का?"

"मी आत येतोय."

"येतोय म्हणजे?"

"म्हणजे चालत."

"अरे, ती तुझी कोण? आई? बहीण? मुलगी? बायको?"

"कोणी नाही."

"मग?"

"म्हणूनच तर."

तूविया जवळ आले. त्यांचा आवाज खाली आला. "हे बघ, मला कळतं. मी काय आंधळा आहे? पण उद्या लोक विचारतील, जाणूनबुजून विटाळलेल्या कोहेनची जनावरं तरूमा कशी खातात. त्या मुक्या जनावरांचा तरी विचार कर."

"वीस वर्षं केला," मखलूफ म्हणाला आणि फाटकातून आत गेला.

आतली वाट त्याला आठवत नव्हती. दोन ओळी चुकून तो तिसरीत पोचला तेव्हा माती लोटणं सुरू झालं होतं. लामाराचा भाचा, मग कोणी शेजारी, मग ओस्नात. मखलूफची पाळी आली. माती कोरडी होती, खाली पडताना तिचा फारसा आवाज झाला नाही. झाल्यावर त्याने फावडं पुढच्या माणसापुढे धरलं. पुढचा माणूस घेईना. तो नुसता फावड्याकडे बघत राहिला.

"खाली ठेवा," शेजारून एक बाई हळूच म्हणाली. "हातात देत नाहीत. दुःख हातोहात जाऊ नये म्हणून. तुम्ही कधी कोणाच्या मातीला आला नाहीत का?"

"बाहेरपर्यंत येतो," मखलूफ म्हणाला.

बाईने त्याच्याकडे निरखून बघितलं. ती लामाराची धाकटी बहीण त्सिआला होती.

"तुम्हीच का ते हत्तीणीवाले?"

"हो."

"ती सांगायची तुमच्याबद्दल."

"काय सांगायची?"

"आम्ही तिला म्हणायचो, अगं तो माणूस दर आठवड्याला येतो, त्याला विचार तरी. तर म्हणायची, त्याचं लग्न झालंय." त्सिआलाने डोळे पुसले. "मग म्हणायची, बाई वजनदार आहे, मला नाही जमायचं तिच्यापुढे."

मखलूफने वाकून फावडं मातीत ठेवलं.

दोन दिवसांनी तूवियांचा फोन आला.

"झालं ते झालं. परत असं करणार नाही, एवढं म्हण. मी विसरतो, देवही विसरेल."

"महिन्याने तिच्या थडग्यावर दगड बसवणार आहेत. मी जाणार आहे."

"ते महिन्याने! आज नाही म्हण."

"खोटं कसं म्हणू, रब्बी?"

पलीकडे तूवियांनी मोठा श्वास सोडला. "मग मंगळवारी ट्रकच्या आधी ये. काहीतरी करावं लागेल."

काहीतरी म्हणजे काय, याचा मखलूफने आठवडाभर विचार केला. तीन रब्बी बसतील. वाद होईल. एवढ्या जनावरांची मालकी काढायची म्हणजे जेरुसलेमला विचारावं लागेल, आणि तिथून उत्तर येईपर्यंत झिल्पा वाळून जाईल. मंगळवारी पहाटे उठून तो बाजारात गेला, पाहून पाहून चार ताजे कोबी घेतले आणि बसने संग्रहालयापाशी आला. चार कोबी हत्तीणीला पुरत नाहीत हे त्याला माहीत होतं.

फाटकाबाहेर एक पांढरी गाडी उभी होती. आत एक जाडसर गृहस्थ बसले होते, तूविया बाहेरून काचेवर वाकले होते.

"हे डॉक्टर काहाना," तूविया म्हणाले. "दातांचे. कोहेन आहेत. डॉक्टर, खाली उतरता ना?"

"नको," डॉक्टर म्हणाले. "मला केसाळ जनावरांची ॲलर्जी आहे. असंच होईल ना?"

"होईल की." तूवियांनी खिशातून पेन काढून डॉक्टरांच्या हाती दिलं. "उचला. जरा वर. वस्तू उचलली की व्यवहार पक्का. मखलूफ, तुझी सगळी जनावरं यांना दिलीस?"

मखलूफने फाटकाच्या आत बघितलं. झिल्पा पाठमोरी होती.

"दिली," तो म्हणाला.

डॉक्टरांनी पेन परत केलं, दोघांना शुभ दिवस म्हटलं, काच वर केली आणि गाडी निघून गेली.

"आता?" मखलूफने विचारलं.

"आता काय? झालं."

"एवढंच?"

"मग अजून काय हवंय, वाजंत्री?"

मखलूफने कोबीची पिशवी या हातातून त्या हातात घेतली. "रब्बी, समजा मी तेव्हा सायप्रसला गेलो असतो. पूर्वीच. तर यांच्या कोबीचं काय झालं असतं?"

"काय होणार? त्याच दिवशी दुसरा कोहेन पकडला असता. कोहेन काय, गावात गल्लीगल्लीत आहेत." तूविया पेन खिशाला लावत होते. ते लावता लावता थांबले आणि त्यांनी मखलूफच्या चेहऱ्याकडे बघितलं. "तू कधी विचारलं नाहीस," ते म्हणाले.

"नाही," मखलूफ म्हणाला. "विचारलं नाही."

ट्रक आला. चाऱ्याच्या खोलीत आता एक नवीन मुलगी होती, तिने खोकी उतरवून घेतली, उन्हातच ठेवली. मखलूफ तिच्याजवळ जाऊन म्हणाला की त्याने झिल्पासाठी थोडं आणलं आहे.

"सॉरी हं काका," मुलगी म्हणाली. "बाहेरचं खाणं फक्त मालकाला घालता येतं. प्रेक्षकांना मनाई आहे."

ते कोबी मखलूफने घरी नेऊन शिजवले. त्याला एकट्याला ते आठवडाभर पुरले.