भरलेला रांजण

निकितानं आतापर्यंत चार सिनेमे लिहिले, चारही बायकांचे. मुंबईत तिच्या शब्दाला वजन आलं होतं. पण गावाकडे, अनसिंगच्या घरी, तूर निवडत बसलेल्या आईला पाचवी पटकथा वाचून दाखवताना ती पानोपानी अडखळत होती. जिची गोष्ट, तिला आधी ऐकवायची, हा तिचा नेम. आई नको म्हणाली, तर त्यातला एक प्रसंग काढावा लागणार होता. आणि त्या प्रसंगावरच तर सगळा सिनेमा उभा होता!

गोष्ट दोन जावांची. निकिताची आई रुख्मिणी आणि मोठीआई शेवंता. एकाच ओसरीवर राहून दोघींचा पंचवीस वर्षांचा अबोला. कारण विचारा, दोघी वेगवेगळं सांगतील. फारच अडलं तर मधल्या खांबाला सांगायचं, "खांबा, मांजर दुधात तोंड घालून राह्यलं." खांब बिचारा कधी कंटाळला नाही.

तो प्रसंग आला. धाकटी जाऊ दुसऱ्या खेपेची बाळंतीण. रोज पहाटे तिचा रांजण भरलेला. तिला वाटतं, नवऱ्यानं भरला. भरत असते मोठी जाऊ, गुपचूप.

रुख्मिणीचा हात सुपातच थांबला. "निकिताच्या बाबानं मले कदी हंडा उचलू देला नाई," हे ती अजून येईल त्याला सांगायची. तिचा नवरा जगदेव जाऊन चार वर्षं झाली होती.

"हे खरं हाये?"

"हो. मी पाहिलं होतं. मोठीआईनं आण घातली होती." निकिताचे डोळे भरून आले. "काढून टाकू का, आई?"

आई सूप बाजूला ठेवून उठली. ओसरीवर शेवंता मेथी निवडत होती. रुख्मिणी सवयीनं खांबापाशी थबकली, मग पुढे गेली.

"काहून सांगतलं नाई मले?"

"तू बोलत होती काय मायासंग?"

"मी आपली त्याचेच गुण गात राह्यली."

"गात जाय ना मंग. लेकरू तापलं का खांद्यावर घेऊन तोच फिरे. हंडे तेवढे माये होते."

रुख्मिणी तिच्याजवळ बसली. अर्धी जुडी आपल्याकडे ओढत हळूच म्हणाली, "कंबर तं तवा तुहीबी दुखत होती."

शेवंताचे हात थांबले. एवढं तिला आजवर कोणीच म्हटलं नव्हतं. पदरानं तिनं डोळे पुसले, तरी ते पुन्हा भरलेच.

"निकिते," आईनं हाक मारली, "इकडं ये. पयल्यापासून वाच. हिनं आयकलं नाई."