डोलिनाने मत कुणाला दिलं?

आमच्या ऑर्सवे बेटावर वारा असा की कोंबडी एका अंगणात बसते आणि अंडं शेजारच्या अंगणात पडतं. दोरीवर वाळणारा पायमोजा कुणाचा आणि त्याची टाच कुणी रफू केली, हेही इथे सगळ्यांना ठाऊक असतं. अशा ठिकाणी डोलिनाने जन्मभर एक गोष्ट लपवून ठेवली. ती मत कुणाला देते, हे कुणालाच माहीत नव्हतं.

तिचा नवरा हेक्टर शेवटच्या घटका मोजत होता तेव्हा म्हणाला, "डोलिना, आता तरी सांग." ती म्हणाली, "उशी सरळ करू का तुझी?" हेक्टर तसाच गेला. जरा चिडूनच गेला असावा, कारण त्याची शवपेटी सहा जणांना उचलेना.

मग ते सार्वमत आलं. स्कॉटलंडने वेगळा देश व्हावं का, होय की नाही, एवढंच विचारलं होतं. पण त्या एवढ्याशा प्रश्नाने बेटावर जे झालं ते दोन महायुद्धांनी झालं नव्हतं. आम्ही मतदार तेरा. त्यातले सहा होयवाले, सहा नाहीवाले, आणि तेरावी डोलिना. दुकान मार्सलीचं, आणि मार्सली होयवाली. ती नाहीवाल्यांना बिस्किटांच्या पुड्यातली मोडकी बिस्किटं निवडून द्यायची. नाहीवाल्यांचा म्होरक्या फार्कर. तो चर्चमध्ये होयवाल्यांच्या बाकाकडे पाठ करून बसायचा, त्यामुळे त्याची पाठ पाद्र्याकडेही व्हायची. कुत्र्यांपर्यंत लागण झाली. माझा कुत्रा टोरकिलच्या मेंढ्या वळवेना, आणि टोरकिलचा माझ्यावर भुंकण्याआधी मालकाच्या टोपीवरचा होय-नाहीचा बिल्ला बघून घ्यायचा.

त्यात मतदानाचा दिवस नेमका मेंढ्यांच्या बोटीचा निघाला. विक्रीची कोकरं डोंगरावरून उतरवायची, निवडायची, बोटीवर चढवायची. सगळ्या बेटाचे हात लागतात.

तेव्हा फार्करने तोड काढली. फार्करने उमेदीची वर्षं लंडनला वेस्टमिन्स्टरच्या पार्लमेंटच्या दारावर दरवान म्हणून काढली होती. अजूनही कोंबड्यांचं खुराडं उघडताना तो बाजूला सरकून मान झुकवतो.

"वेस्टमिन्स्टरात काय करतात," तो दुकानात म्हणाला, "इकडचा एक खासदार आजारी पडला की तिकडचा एक आपण होऊन बाहेर बसतो. हिशोब तोच राहतो. जोडी लावणं म्हणतात त्याला. आपणही लावू. सहा होय, सहा नाही. कुणीच जायचं नाही मत द्यायला. मेंढ्या वेळेवर बोटीवर जातील."

"आणि कुणी गुपचूप जाऊन आला तर?" मार्सलीने विचारलं.

"वेस्टमिन्स्टरात शब्द म्हणजे शब्द."

"मग तर झालंच," मार्सली म्हणाली. पण फार्कर डोळ्यांसमोर असलेला बरा, म्हणून तिने त्याच्याशीच जोडी लावली. मी टोरकिलशी लावली. घटकाभरात सगळं जमलं, आणि कित्येक महिन्यांत प्रथमच दुकानात कुणीतरी हवापाण्याविषयी बोललं.

डोलिना कोपऱ्यात पीठ घेत उभी होती. तिला जोडीच नव्हती, कारण ती कुठल्या बाजूची तेच माहीत नव्हतं.

मार्सलीच्या हातातलं पिठाचं माप मध्येच थांबलं. "अगं बाई," ती म्हणाली, "म्हणजे पेटीत कागद एकच पडणार. डोलिनाचा."

आता हे मोजणीचं असं आहे. शहरात पेटी उघडली की आधी तिच्यातले कागद मोजतात, मग ते बाकीच्या पेट्यांतल्या कागदांत मिसळतात. मोजताना दोन्ही बाजूंची माणसं कठड्यापलीकडे कागदांवरच्या खुणा टिपायला पेन्सिली घेऊन माना लांब करून उभी असतात. आमच्या बाजूने मार्सलीचा भाचा उभा राहणारच होता.

"हेक्टर बिचारा उगाच घाई करून गेला," टोरकिल म्हणाला.

डोलिनाने पीठ उचललं आणि ती निघाली. मी तिची पिशवी धरायला मागोमाग गेलो. म्हणजे निमित्त पिशवीचं.

"नको देऊ मत," मी म्हटलं. "एकदा नाही दिलंस तर काय बिघडतं?"

"मी देणार. आणि सांगणार नाही. दोन्ही करणार."

"टपालाने?"

"त्याची मुदत टळली." तिने पिशवी माझ्या हातात दिली. "अरे, या बेटावर माझं असं काय आहे? जमीन जमीनदाराची. घर हेक्टरच्या बहिणीच्या नावावर. गुडघे माझे, पण त्यांची हकीकत तुम्हाला सगळ्यांना पाठ. ही एकच चीज माझी आहे. ती मार्सलीच्या भाच्याच्या पेन्सिलीला द्यायची?"

"मग आम्हा सगळ्यांनाच यायला सांग. तेरा कागदांत तुझा एक लपून जाईल."

"कसा लपेल? सहा होय, सहा नाही, हे पोराटोरांना माहीत. सातवं ज्या बाजूला पडेल ते माझं. तू हिशोबात कच्चा, म्हणून तर तुझी बोट विकली गेली."

ते मला लागलं, पण खरं होतं. बारा जणांनी आपलं मत भिंतीवर, टोपीवर, गाडीच्या काचेवर लावून ठेवलेलं. तिच्या एका मताला आडोसा कुठून मिळणार? मी तिला तसं म्हटलंही. ती फाटकाशी थांबली.

"एक मात्र आहे," ती म्हणाली. "मोठ्याने बोलणारा माणूस पडद्याआडही तसाच वागतो, असं मी अजून पाहिलेलं नाही. ते सगळे आले तर काहीतरी होईल. पण यायला हवेत."

"बोलावणार आहेस?"

"मी? मी कशाला कुणाला बोलावू?"

मतदानाच्या दिवशी पहाटेच्या बोटीने पेटिग्रू नावाचे अधिकारी आले. काखेत पेटी, खिशात सँडविच. जुन्या शाळेत त्यांनी पडदा लावला आणि ते बसले. डोलिना ठेवणीतली टोपी घालून तयारच होती. सर्वांत आधी आत गेली, मत दिलं, बाहेर आली. घरी मात्र गेली नाही. शाळेच्या दाराशी दगडी बाकावर बसली आणि विणायला घेतलं.

डोंगराची वाट शाळेवरूनच जाते. पहिली मार्सली आली, हातात काठी.

"झालं का गं मत देऊन?"

"झालं."

"बरं." ती पुढे गेली आणि परत आली. "डोलिना, फार्कर येऊन गेला का गं?"

"कुणी काय केलं ते मी सांगत नसते. तुला माहीत आहे."

"अगं, मत कुणाला दिलं ते नाही विचारत. आला होता का, एवढंच."

"तेही मी सांगत नसते."

मार्सली तिच्याकडे बघत राहिली. डोलिनाने एक टाका उलटा घातला. "मेला दरवान, येऊनच गेला असणार," मार्सली पुटपुटली, काठी भिंतीला टेकवली आणि आत शिरली.

थोड्या वेळाने फार्कर आला. मार्सली मत देऊन पुढे गेली होती, पण घाईत विसरलेली काठी भिंतीला तशीच टेकलेली त्याला दिसली.

"ही मार्सलीची काठी."

"असेल."

"ती आत गेली होती?"

"फार्कर, मी काही बोलले तर तुझ्याविषयीही बोलेन. चालेल?"

फार्करला ते चालणार नव्हतं. वेस्टमिन्स्टरात शब्द म्हणजे शब्द असतो, पण ऑर्सवेला शाळा वाटेवरच पडते. त्याने टोपी काढली, मान झुकवली आणि आत गेला.

मग काय, डोंगरावर बातमी पोचायला माणूस लागत नाही. जो तो मेंढ्या सोडून खाली येई, डोलिनाला विचारी की माझा जोडीदार आला होता का, आणि ती म्हणे मी सांगत नसते. खरं तर त्यातले निम्मे तोवर आले नव्हते. पण तिच्या तोंडावरून काही कळायचं नाही. साठ वर्षांची तालीम होती. टोरकिल तर दगडी कुंपणावरून उडी मारून आला. मी त्याच्या मागोमाग गेलो, निव्वळ हिशोब बरोबर राहावा म्हणून.

कोकरं तिकडे आपली आपणच बोटीवर चढली. खलाशी सांगतात की रांग लावून चढली आणि शेवटच्याने फाटक लावून घेतलं. मी पाहिलं नाही, मी तेव्हा पडद्याआड होतो.

अंधार पडल्यावर पेटिग्रूसाहेब पेटीला सील लावताना म्हणाले, "तेराच्या तेरा! असं बेट मी पाहिलं नाही. काय लोकशाहीप्रेम म्हणायचं हे."

"हो," डोलिना लोकर गुंडाळत म्हणाली. "फार."

दुसऱ्या दिवशी देशाचा निकाल लागला तो सर्वांना माहीत आहे. आमच्या दुकानात त्याची कुणाला पडली नव्हती. मार्सलीच्या भाच्याचा फोन आला. तिने आकडे कागदावर लिहून घेतले, दोनदा विचारून घेतले आणि कागद गल्ल्यावर ठेवला. एका बाजूला नऊ, दुसऱ्या बाजूला चार.

 कुठल्या बाजूला नऊ ते मी इथे लिहीत नाही, मला अजून त्याच दुकानात उधारी लागते.

"सात-सहा व्हायला हवं होतं," टोरकिल हळूच म्हणाला.

"म्हणजे आपल्यातले दोघे खोटे," फार्कर म्हणाला.

"किंवा तिघे," मार्सली म्हणाली. "डोलिनाचं कुठे गेलं त्यावर आहे ते."

सगळे डोलिनाकडे वळले, पण तिच्याकडे बघायला कुणाला फुरसत नव्हती. लगेच जो तो दुसऱ्याकडे बघायला लागला. फार्करने टोपी काढून बिल्ला आतल्या बाजूला वळवला. मार्सलीने बिस्किटांचा पुडा फोडला आणि त्या दिवशी सगळ्यांना अखंड बिस्किटं दिली, कारण मोडकी नेमकी कुणाला द्यायची ते तिला ठरवता येईना. तिने स्वतः एक मोडकं खाल्लं. ते सगळ्यांनी पाहिलं आणि त्याचा अर्थ लावत घरी गेले.

त्या हिवाळ्यात बेटावर कुणी कुणाकडे चहाला गेलं नाही. गेलं तर डोलिनाकडे. तिथेच तेवढा आपल्याला कुणी काही विचारणार नाही याचा भरवसा होता. पण न विचारलेलं पोटात फार दिवस राहत नाही. येणारा खुर्चीत बसायचा, चहा ढवळायचा आणि म्हणायचा, "डोलिना, तुला म्हणून सांगतो, त्या दिवशी पडद्याआड—"

"स्कोन घे," ती त्या छोट्या पावांची ताटली पुढे सरकवायची. "गरम आहे तोवर खा. तुझं तुझ्यापाशी ठेव."

असे पाच जण आले, असं मार्सली सांगते. ती आपल्या खिडकीतून मोजत होती. त्यात ती मलाही धरते, पण मी गेलो होतो तो डोलिनाची शिडी परत द्यायला.