पडद्याची दुसरी बाजू

“दिवा डाव्या हातात. काळ्या दगडावरची रेघ!” म्हातारा ठासून म्हणाला.

चित्रपट-संग्रहालयाच्या बाईंनी दोन पिवळी छायाचित्रं पुढे सरकवली. त्या मूकपटाची सगळी रिळं जळाली होती. उरलं होतं ते एवढंच. आणि तो पाहिलेला हा एक माणूस.

“आजोबा, इथे तर दिवा उजव्या हातात आहे. आणि जिना?”

“उजवीकडे.”

दुसऱ्या छायाचित्रात जिना डावीकडे होता.

दाराला टेकलेला म्हाताऱ्याचा मुलगा हसला. “मूकपट म्हणे! चाळीस वर्षं आमचे कान किटलेत. आणि ह्यांना धड डावं-उजवं कळत नाही.”

वृद्धाश्रमाचा अर्ज त्याच्या खिशात भरून तयार होता. गॅस दोनदा उघडा राहिल्यापासून घरात तोच विषय होता. “बाईंना नीट सांगितलंत तर मानू, डोकं शाबूत आहे,” असं तो सकाळीच म्हणाला होता.

बाईंनी लिहिलं : साक्ष भरवशाची नाही. मुलाने त्या कागदाची प्रत मागून घेतली.

आश्रमात तिसऱ्या आठवड्यात न्हावी आला. आरशातल्या न्हाव्याचा वस्तरा डाव्या हातात होता. म्हाताऱ्याने मान वळवली. उजव्या हातात!

“आजोबा, हलू नका, कापेल!”

कापलंच. पण म्हाताऱ्याच्या डोक्यात लख्ख उजेड पडला होता. लहानपणी सिनेमाच्या तंबूत त्याचं काम पडद्यावर पाणी मारायचं. कापड ओलं असलं की पडद्यामागे बसलेल्या स्वस्त तिकीटवाल्यांनाही चित्र दिसे, फक्त उलटं. त्याने शंभर खेळ पाहिले ते सगळे मागून. मधेमधे येणाऱ्या संवादाच्या पाट्यांची अक्षरंही उलटी असणार. पण त्याला कुठे वाचता येत होतं! तू कुठे बसायचास, हे कुणी विचारलं नाही. आणि पुढची बाजू त्याने कधी पाहिलीच नव्हती.

रविवारी मुलगा येणार म्हणून त्याने पलंगावरची चादर खिडकीच्या गजापासून कपाटाच्या कडीपर्यंत आडवी बांधली, तांब्याभर पाणी मारलं आणि तिच्यामागे उभा राहिला.

“बाबा, हे काय?”

“आधी तिकडून बघ, मग इकडून बघ. माझा हात बघ. त्या बाईंना फोन लाव, म्हणावं मी मागे...”

“आजोबा! चादर ओली केलीत होय?” आश्रमातल्या कामवाल्या मावशींनी गाठी सोडल्या. “आणि वर वाळत घातलीत!”

मुलाने नाकाला रुमाल लावला. “खाली रबरी कापड घालत जा, मावशी.”

मावशी चादर घेऊन गेल्या. पाठोपाठ मुलगाही. खिडकीपाशी म्हाताऱ्याचा उजवा हात अजून वर होता, दिवा धरल्यासारखा.