तळ्याकाठचं गाणं

मावशी तरुणपणी सिनेमात डुप्लिकेट होती. नायिकेला गार पाणी सोसायचं नाही, म्हणून तळ्याच्या गाण्यात पाणी तुडवत नायकाकडे धावली ती मावशी. दृश्यं लांबून घेतलेली आणि प्रिंट धुरकट, त्यामुळे ती कोण हे कुणालाच कळायचं नाही. "आमच्या हिरॉईनबाई आल्या," तिचे मेव्हणे दारातच म्हणायचे. मावशीही हसण्यावारी न्यायची.

या मेव्हण्यांची मुलगी, मावशीची भाची, जुने चित्रपट दुरुस्त करणाऱ्या स्टुडिओत होती. ओरखडे पुसायचे, विटलेले रंग परत आणायचे. एक दिवस मावशीचा तोच हिंदी प्रेमपट तिच्याकडे आला. मूळ निगेटिव्हवरून नवं स्कॅनिंग झालं होतं. तळ्याचं गाणं सुरू झालं. समोर विशीतली मावशी धावत होती. हनुवटीवरचा तीळ दिसत होता. ओठ थंडीनं निळे पडले होते, पण हसू ढळलं नव्हतं.

तिनं लगेच फोन लावला. "मावशी, तू दिसतेस. अगदी स्वच्छ."

पलीकडून मावशीनं विचारलं, "केस नीट आहेत ना गं माझे?"

स्टुडिओच्या साहेबांनी मात्र गाणं बघून नकारार्थी मान हलवली. "लोक नायिकेला बघायला येणार. हिचा चेहरा बदलावा लागेल."

"पण सर, आपण मूळ चित्रपट जपतो ना?"

"लोकांनी इतकी वर्षं जे पाहिलं, तेच मूळ. तुला जड जात असेल तर दुसऱ्या कुणाला देतो."

दुसऱ्यानं उरकून टाकलं असतं. तिनं ते स्वतःकडेच ठेवलं. इतर दृश्यांतून नायिकेचा चेहरा उचलून फ्रेममागून फ्रेम बसवत गेली. तीळ सगळ्यात आधी पुसला. मावशीसाठी मूळ स्कॅनची एखादी प्रत मागून पाहिली, पण करारात ते बसत नव्हतं.

मावशीला सांगायला ती दोनदा तिच्या घरी गेली. दोन्ही वेळा मावशी, दुरुस्त चित्रपटाच्या पहिल्या खेळाला कुणाकुणाला बोलावलंय, तेच सांगत बसली. भाची न सांगताच परतली.

खेळाच्या दिवशी मावशी केस काळे करून आली. शेजारी बहीण आणि मेव्हणे. गाणं लागलं. नायिका पाणी उडवत धावत गेली. मावशी पुढे वाकून बघत राहिली, मग हळूच मागे टेकली. जन्मभर थट्टा करणाऱ्या मेव्हण्यांनी तेवढी एकदा थट्टा केली नाही.

बाहेर पडताना मावशीनं विचारलं, "तूच केलंस?"

"हो."

"छान बसवलायस. जोड कुठंच दिसत नाही."

चित्रपट पुन्हा जसाच्या तसा मिळाला, असं वर्तमानपत्रांनी कौतुक केलं. पुढे एकदा शेजारणीनं मावशीला सहज विचारलं, "तुम्ही म्हणे सिनेमात होतात?"

"छे हो," मावशी म्हणाली, "मी आपली गंमत करायचे."

भाची तिथंच बसली होती.