खंडेनवमीची पायपेटी

मित्रांनो, अंधेरीला श्यामकांतांच्या बिऱ्हाडात कधी गेलात, तर खिडकीखाली एक काळपट लाकडी कपाटासारखं काहीतरी दिसेल. त्यावर लोणच्याच्या बरण्या आहेत, घड्या घालायचे कपडे आहेत आणि काच तडकलेला एक कंदील आहे. ते कपाट म्हणजे मी. मी पॅरिसची पायपेटी आहे. आता हे सांगून कुणाला पटत नाही, आणि बरण्यांकडे पाहिलं की माझं मलाही पटत नाही.

माझा जन्म पॅरिसच्या एका अरुंद गल्लीतला. कारागिरांनी माझं अंग अक्रोडाच्या लाकडाचं केलं, पोटात पितळी सूर बसवले आणि खाली भाता हलवायला पायांच्या दोन फळ्या लावल्या. आमच्याकडचे सूर हिंदुस्थानातही मानानं विकत घेतात, असं मी पुढे मुंबईत ऐकलं. तेव्हा माझी मान ताठ झाली. पेटीला मान नसते हे मला ठाऊक आहे, पण गर्व असतो.

एमील नावाच्या एका मुलाच्या वडिलांनी मला विकत आणलं, तेव्हा त्याचे पाय फळ्यांपर्यंत जेमतेम पोचत. मोठा झाल्यावर तो मला घेऊन सिनेमागृहात नोकरीला लागला. तो मूकपटांचा काळ होता. पडद्यावरची माणसं नुसते ओठ हलवायची आणि पडद्याखाली एमील मला वाजवायचा. नायिका रडली की मी रडायचं, घोडे उधळले की मी उधळायचं. पुढे बोलपट आले आणि पडद्याखालचे वादक घरी बसले. एमील मात्र चित्रपटांसाठी संगीत रचू लागला. प्रत्येक धून आधी माझ्यावर बसायची, मग वाद्यवृंदाकडे जायची. त्याचं नाव पडद्यावर आलं, लोक त्याला रस्त्यात ओळखू लागले.

मग युद्ध आलं. त्याच्या चित्रपटांची रिळं एका गोदामात होती. ते गोदाम जळलं. फिल्म कापरासारखी पेटते, मागे काही उरत नाही. त्याची बायको आधीच गेली होती, मूलबाळ नव्हतं. इतक्या वर्षांचं काम आणि जगात त्याचं नाव असलेला एकही चित्रपट शिल्लक राहिला नाही. त्यानंतर तो कितीतरी दिवस माझ्यासमोर नुसता बसून राहायचा.

युद्ध संपल्यावर मुंबईचे मार्तंडराव कॅमेरे घ्यायला पॅरिसला आले होते. अंधेरीला त्यांचा स्टुडिओ होता. त्यांनी एमीलला ऐकलं आणि मुंबईला चला म्हणाले. गमवायला काही उरलं नव्हतं, म्हणून एमील निघाला. बोटीत मला माल म्हणून टाकलं, खाऱ्या हवेनं माझे दोन सूर बिघडले. ते त्यानं अंधेरीत स्वतः घासून नीट केले.

स्टुडिओतली रीत आम्हाला हळूहळू कळली. चित्रपटातली गाणी संगीत दिग्दर्शकाची. ते होते नंदकुमार, माणूस गुणी आणि स्वभावानं सरळ. पण गाण्यांच्या मधे जे वाजतं, नायक एकटा जिना चढतो किंवा आई दाराशी वाट बघते तेव्हा जे ऐकू येतं, ते पार्श्वसंगीत दुसराच कुणीतरी करायचा. त्याचं नाव पडद्यावर येत नसे. तशी पद्धतच होती, त्यामुळे त्यात कुणाला काही वावगं वाटत नसे. एमीलनं असे कितीतरी चित्रपट केले. पडद्यावर नाव नंदकुमारांचं.

आमच्या शेजारी श्यामकांत आणि सुनंदा राहत. श्यामकांत फोर्टमध्ये कचेरीत होते. सुनंदाबाई फटकळ, पण मायाळू. गोरा माणूस स्टोव्हवर नुसती अंडी उकडून खातो हे पाहून तिनं आमटीभात धाडायला सुरुवात केली. सगळे तिला वहिनी म्हणत, म्हणून एमीलही वैनी म्हणू लागला. दिवसभर भिंतीपलीकडून त्याची धून ऐकून ती पोळ्या लाटताना गुणगुणायची. तिचं चुकलं की एमील इकडे हसायचा आणि तोच भाग पुन्हा सावकाश वाजवायचा.

शेवटी मार्तंडरावांनी एक मोठा चित्रपट काढला. त्यासाठी एमीलनं जी धून केली, तशी त्यानं पॅरिसलाही केली नव्हती, हे मी सांगते. मार्तंडरावांनी ती लागोपाठ दोनदा वाजवायला लावली. या वेळी तुमचं नाव पडद्यावर वेगळं झळकेल, असा शब्द त्यांनी दिला. अडचण एकच होती. चित्रपट विकत घेणारे दिल्लीचे शेठ पद्धतीबाहेरची गोष्ट ऐकत नसत. त्यांनी धून एकदा ऐकली आणि मान हलवली, की नावांच्या पाट्या रंगवणारा ते नाव लिहून टाकणार होता. त्या आठवड्यात एमील रोज दाढी करू लागला. एक नाव उरावं, एवढंच त्याचं मागणं होतं.

शेठ मुंबईत आले ते नेमके खंडेनवमीला.

तुम्हाला माहीत आहे, त्या दिवशी आपापल्या हत्याराची पूजा करतात आणि दुसऱ्या दिवशी उत्तरपूजा होईपर्यंत त्याला हात लावत नाहीत. स्टुडिओतसुद्धा कॅमेरे हारांखाली बसले होते. सुनंदाबाईच्या मनात आलं, या एकट्या माणसाच्या पेटीची पूजा कोण करणार? सकाळीच ती तबक घेऊन आली. तिनं मला पुसलं, हळदकुंकू लावलं, झेंडूची माळ घातली, पुढे सरस्वतीची पाटी ठेवली. मित्रांनो, माझ्या उभ्या आयुष्यात मला कुणी नमस्कार केला नव्हता. मी सुखावून गेले. आज हिला विश्रांती, उद्यापर्यंत वाजवायचं नाही, असं तिनं एमीलला बजावलं. त्यानं छातीवर हात ठेवून शब्द दिला.

दुपारी मार्तंडराव शेठना घेऊन घरी आले. संध्याकाळच्या गाडीनं शेठ दिल्लीला परतणार होते. एमील उठला, माझ्याजवळ आला, माळ पाहिली आणि हात मागे घेतला.

"आज पेटी झोपली," तो म्हणाला. "उद्या या."

मार्तंडरावांनी त्याला परोपरीनं सांगितलं. कॅमेऱ्यांची पूजा त्यांनीही केली होती, पण तुम्हाला कुठला आलाय हा नेम, म्हणाले. एमील हलेना. इतक्यात पाहुण्यांसाठी चहा घेऊन सुनंदाबाई आली. मार्तंडराव तिच्याकडे वळले.

"वहिनी, तुम्हीच सांगा ना यांना. पाच मिनिटांचं काम आहे."

एमीलनं तिच्याकडे पाहिलं. तिनं नुसती मान हलवली असती तरी त्याची बोटं माझ्यावर पडली असती. मला ओरडून सांगायचं होतं की बाई, माळ काढ, मला तुझी पूजा नको. पण पेटीला वाजवल्याशिवाय बोलता येत नाही.

"आज नाही हं," सुनंदाबाई म्हणाली. "देवाचं आहे ते. एक दिवसानं काय बिघडतंय? उद्या सकाळी ऐका की खुशाल."

काय पणाला लागलं आहे हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं. शेठनी चहा अर्धा ठेवला. माणूस विक्षिप्त दिसतो, असं काहीसं पुटपुटत ते निघून गेले.

दसऱ्याला उत्तरपूजा झाली. सुनंदाबाईनं एमीलच्या हातावर आपट्याची पानं ठेवली आणि आता वाजवा म्हणाली. त्यानं ती धून सबंध वाजवली. ऐकायला श्यामकांत, सुनंदाबाई आणि दारातला भाजीवाला होता. तिकडे स्टुडिओत पाट्या रंगवून होत होत्या.

चित्रपट लागला तेव्हा एमील शेजाऱ्यांना घेऊन पाहायला गेला. तिथलं मला सुनंदाबाईच्या तोंडून कळलं. संगीत म्हणून नंदकुमारांचं नाव पडदाभर आलं आणि गेलं. पुढे गोराईच्या किनाऱ्यावर नायिका एकटी चालत जाते, तिथे ती धून वाजली आणि आख्खं थिएटर रडलं. एमील मात्र रडला नाही. अंधारात त्याचे पाय जमिनीवर वरखाली होत होते, भाता मारल्यासारखे. परतताना, धून तुमची आणि नाव त्यांचं कसं, असं श्यामकांतांनी विचारलं, तेव्हा कुठे सारी हकीकत बाहेर आली. सुनंदाबाई घरी येऊन माझ्यासमोर उभी राहिली.

"साहेब, तेव्हा एक शब्द बोलला असता तर?" ती म्हणाली. "मीच काढली असती माळ."

"वैनी, तुम्ही प्रेमानं घातली होती," एमील म्हणाला.

त्यानंतर त्यानं नवी धून केली नाही. मार्तंडरावांचा स्टुडिओ पुढच्याच वर्षी बंद पडला. हिवाळ्यात एमीलला न्यूमोनिया झाला आणि तो गेला. वर्तमानपत्रात ओळसुद्धा आली नाही. नंदकुमार मात्र आले होते, शेवटपर्यंत थांबले होते.

सुनंदाबाईनं मला आपल्या घरी आणलं. आधी वर कापड घातलं, मग कापडावर बरण्या आल्या. माझा भाता उंदरांनी कुरतडला, फळ्या अडकून बसल्या. घरात वाजवता कुणालाच येत नाही. खंडेनवमी आली की सुनंदाबाई बरण्या उतरवते, मला पुसते, माळ घालते आणि डोळे पुसत आत जाते. घरातल्यांना सांगते, आज पेटीला हात लावू नका. मित्रांनो, वर्षभर मला कुणी हात लावत नाही आणि त्या एका दिवशी लावू नका म्हणून सांगतात.

तुमच्या घरात एखादं वाद्य असेल तर त्याची पूजा जरूर करा. पण त्याआधी ते वाजवा, आणि वाजवणाऱ्याचं नाव विचारून ठेवा. नंतर विचारायला कुणी सापडत नाही.

परवा गल्लीतून वरात गेली. बँडवाले तीच धून वाजवत होते. सुनंदाबाई खिडकीशी येऊन शेजारणीला म्हणाली, ही आमच्या एमीलसाहेबांची. शेजारीण हसली आणि म्हणाली, छे गं, ही नंदकुमारांची. सुनंदाबाईकडे दाखवायला काही नव्हतं. ती धून माझ्या पोटात अजून आहे, एकेक सूर जागच्या जागी आहे. पण मला आपला आपण श्वास घेता येत नाही. वरात लांब गेली, तेव्हा तिनं खिडकी लावली आणि बरणी माझ्यावर सरळ करून ठेवली.